आईच्या डबीतली अकरा घरे

मी, खाली सही करणारी, वय वर्षे एकाहत्तर, धंदा डबी-दुरुस्ती (आता बंद), राहणार दुकानावरच्या दोन खोल्यांत, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने लिहीत आहे. हात कापतो. डोके कापत नाही. डॉक्टरांनी आज सकाळी मला तारीख, वार आणि शंभरातून सात-सात वजा करायला सांगून खात्री करून घेतली आहे. त्यात एकदा त्यांचेच चुकले. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. दडपण आणायला घरात कोणी माणूसच नाही. म्हणून जे लिहिते आहे ते माझ्या मर्जीने लिहिते आहे, असे धरावे.

कलम १. याआधी आठ वर्षांपूर्वी मी एक मृत्युपत्र केले होते. ते मी रागाच्या भरात केले होते आणि त्यात निम्म्याहून अधिक शिव्या होत्या. ते रद्द समजावे. राग रद्द झालेला नाही, तो पुढे येईलच.

कलम २. घर. खालचे दुकान आणि वरच्या दोन खोल्या ही माझी स्वकष्टार्जित मालमत्ता आहे. वाडवडिलांचा त्यात एक खिळाही नाही. गेली तीन वर्षे जी बाई सकाळ-संध्याकाळ येऊन मला उठवते, धुते, भरवते, तिला वरच्या दोन्ही खोल्या तिच्या हयातीपर्यंत राहायला द्याव्यात. दुकान भाड्याने देऊन ते भाडे तिनेच घ्यावे. ही बाई गोड बोलत नाही. दार आपटते. माझ्या जुन्या लुगड्यांना नावे ठेवते. परंतु मला उचलताना ती आधी "उचलते हं" म्हणते आणि मग उचलते. तिच्या पश्चात ही मालमत्ता कलम ६ मधील माझ्या भाचीकडे जावी.

माझ्याही वर राहणाऱ्या कंत्राटदाराच्या मोरीचे पाणी माझ्या भिंतीत एकवीस वर्षे झिरपते आहे. त्याने माझ्या अंत्ययात्रेला येऊ नये. आलाच तर त्याला भिंत दाखवावी.

कलम ३. बँकेत जे काही आहे त्यातून माझे शेवटचे कार्य साधेपणाने उरकावे आणि ती भिंत दुरुस्त करून घ्यावी. उरेल ते त्याच बाईला.

कलम ४. हत्यारे. माझे बारीक चिमटे, पाच स्क्रू-ड्रायव्हर, डबीतली पातळ पत्री उचलण्याची सुई, धूळ उडवायचा हवेचा फुगा आणि कामाचा दिवा हे सर्व चौकातल्या घड्याळवालीला द्यावे. बापाच्या मागे ती दुकान चालवते आणि तिचा हात माझ्यापेक्षा चांगला आहे. हे मी तिला तोंडावर कधी सांगितले नाही. आता कलम ९ मधल्या व्यवस्थापकाने सांगावे.

माझे मोठे भिंग मात्र शेजारच्या चष्मेवाल्याला द्यावे. त्याचे कारण असे. तीस वर्षांपूर्वी या माणसाने गल्लीभर उठवले, की डबीवाली दुरुस्तीच्या नावाखाली लोकांच्या आठवणी चवीने बघत बसते. सहा महिने माझ्या दुकानात चिटपाखरू फिरकले नाही.

ज्यांच्या घरी डबी कधी आलीच नाही त्यांच्यासाठी लिहिते. डबी म्हणजे साबणाच्या वडीएवढे यंत्र. अंगठ्याने कळ दाबून धरली की त्या वेळी तुम्ही जे पाहता, ऐकता आणि मनात जे वाटते ते सगळे आत उतरते. नंतर तीच डबी कानामागे टेकवली की ते पुन्हा जसेच्या तसे जगता येते. तुम्हाला, आणि ज्याच्या हाती डबी पडेल त्यालाही. एका डबीत बारा घरे असतात. एका घरात साधारण पाव तास मावतो. प्रत्येक वेळी जगले की ते घर थोडे झिजते. फार वेळा जगले तर शेवटी नुसता करडा उजेड उरतो.

दुरुस्ती झाल्यावर डबी चालते की नाही हे पाहावेच लागते. आमच्या धंद्याचा नियम असा, की पहिले घर लावायचे आणि मनात पाच म्हणेपर्यंतच बघायचे. मी तेहतीस वर्षे पाचाच्या पुढे गेले नाही. लोकांच्या मुलांची पहिली पावले, लोकांचे नवरे, लोकांची मेलेली माणसे, सगळी मी पाच आकड्यांपुरती ओळखते. तेव्हा चष्मेवाला खोटारडा होता. पण पुढे एका दिवसापुरते त्याचे म्हणणे खरे ठरले, म्हणून हे भिंग. त्याने ते घ्यावे आणि मला जे दिसले ते आपल्या आईच्या डोळ्यांत बघावे.

कलम ५. माझा धाकटा भाऊ. त्याला माझ्या मालमत्तेतून काहीही देऊ नये. त्याने त्यावर हक्क सांगू नये. हे कलम नजरचुकीने आलेले नाही आणि पुढचा मजकूर वाचल्यावर ते का आहे हे कळेल.

आमच्या आईने तीस वर्षे टेलिफोनच्या फळीवर काम केले. डोक्याला पट्टा, कानाला डबडे, आणि दिवसभर "बोला, जोडून देते". घरी आल्यावरही तिचे तोंड बंद नसे. अशा बाईला सहासष्टाव्या वर्षी झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. डावा हात राहिला. भाऊ तेव्हा सहा तासांच्या अंतरावर नोकरीला होता आणि त्याच्या संसाराचे नव्याचे नऊ दिवस चालू होते. मी एकटी होते, माझे दुकान घराखालीच होते, तेव्हा प्रश्न कुणी कुणाला विचारलाच नाही. आई माझ्याकडे आली आणि चार वर्षे राहिली. त्या चार वर्षांत भाऊ दोनदा आला. दोन्ही वेळा फळे आणली, जी आईला चावता येत नव्हती.

मी आईचे सगळे केले. हे मी चारचौघांत पुष्कळदा सांगितले आहे आणि ते खरे आहे. अंथरूण, अंघोळ, औषधे, चमच्याने भरवणे. गिऱ्हाईक खाली हाका मारत असे आणि मी वर चादर बदलत असे. तिला विरंगुळा म्हणून मीच एक जुनी डबी नीट करून तिच्या डाव्या हातात दिली आणि अंगठ्याने कळ कशी दाबायची ते दाखवले. म्हटले, काही चांगले दिसले तर साठव. ती डबी तिने मरेपर्यंत सोडली नाही. झोपेतही मुठीत असे.

भाऊ दुसऱ्यांदा आला तेव्हा आईचे शेवटचे दिवस होते. माझ्यासमोर, डॉक्टरांसमोर, तिने ती डबी त्याच्या तळहातावर ठेवली आणि त्याची बोटे एकेक करून मिटवली. माझ्याकडे पाहिले नाही. चार वर्षे मी, आणि डबी त्याला. आईला पोचवून आलो त्या दिवसापासून मी भावाशी बोलणे टाकले.

तो पुढे मोठा वक्ता झाला. गावोगाव त्याला बोलावत. विषय कोणताही असो, गाडी आईवर यायचीच. एकदा रेडिओवर मी ते ऐकले. खिडकीत ऊन आले आहे, आई खुर्चीत बसली आहे, मागे उभे राहून तिचे पांढरे केस कोणी तरी हळूहळू विंचरते आहे, आणि आईला वाटते आहे की हे संपू नये. ऐकणाऱ्याला वाटावे की कंगवा याच्याच हातात होता. मी रेडिओ बंद केला. या माणसाने आईच्या केसांना चार वर्षांत हात लावला नव्हता.

आई जाऊन नऊ वर्षे झाल्यावर एका सकाळी माझी भावजय दुकानात आली. तिने पिशवीतून आईची डबी काढून टेबलावर ठेवली. म्हणाली, "वन्सं, कळ अडकलीय. यांना सांगू नका मी आले म्हणून. ही बंद पडल्यापासून जेवत नाहीत धड." मी तिला बाजारात जाऊन यायला सांगितले. उघडून पाहिले तर कळीखालची पत्री झिजून कागदासारखी झाली होती. अशी झीज मी आधी फक्त दोनदा पाहिली होती आणि दोन्ही वेळा ती मूल गेलेल्या घरची डबी होती. अर्ध्या तासात पत्री बदलली. पहिले घर लावले. मनात पाच म्हटले.

मग दुकानाचे शटर अर्धे खाली ओढले आणि आत बसून सगळी घरे पाहिली.

पहिल्या घरात जिन्यावर माझी पावले वाजत होती. आई पलंगावर पडून ती मोजत होती. माझ्या जिन्याला सतरा पायऱ्या आहेत, हे मला तोवर माहीत नव्हते. पावले सावकाश असली तर मी थकलेली, म्हणजे ठीक. भरभर असली तर आईला माझी भीती वाटत होती. मलाही माझी भीती वाटली. दार उघडले, मी आत आले, आणि मी माझ्याकडे खालून पाहिले.

दुसऱ्या घरात मी चादर बदलत होते आणि आईच्या अंगावरून हात नेत दारातल्या शेजारणीशी दुधाच्या भावावर बोलत होते. तिसऱ्यात मी तिचे तोंड पुसले, जोरात, टेबल पुसावे तसे. यात क्रूर असे काही नाही. मला कुणी विचारले असते तर मी म्हटले असते, सेवा करत होते. सातव्या घरात मी खुर्चीत तोंड उघडे टाकून झोपले होते आणि आई माझ्याकडे बघत होती. मला वाटले, आता तरी माया येईल. आईला फक्त हायसे वाटत होते. मी झोपले होते म्हणून.

चौथे घर मी सर्वांत शेवटी लिहीत आहे, कारण ते लिहिण्यासाठीच हे मृत्युपत्र पुन्हा केले. दुपारची वेळ. मी मऊ भात भरवत होते. आईच्या ओठांच्या उजव्या कोपऱ्यातून घास गळून पडत होता. तिसऱ्यांदा गळला तेव्हा मी वाटी आदळली, तिचा डावा हात, तेवढाच एक चालता हात, मनगटाला धरून पलंगाच्या लोखंडी दांडीवर दाबला आणि म्हटले, "मुद्दाम करतेस. मर एकदाची. सुटू दे मला." तिने मूठ सोडली नाही म्हणून आणखी दाबला. त्या मुठीत डबी होती आणि अंगठा कळीवर होता.

ही दुपार मला आठवत होती. "एकदा मी आईवर जरा रागावले होते," एवढीच आठवत होती. "मर" म्हटल्याचे आठवत नव्हते. मनगट किती वेळ धरले ते आठवत नव्हते. आता मला ते तिच्या बाजूने माहीत आहे. दुखत होते, पण दुखण्याचे तिला फारसे काही नव्हते. तिला लाज वाटत होती. घास गळल्याची.

बारावे घर लावले तर नुसता करडा उजेड.

भावजय बाजारातून परतली तेव्हा, डबी अजून झाली नाही, झाली की पाठवते, असे सांगून मी तिला परत पाठवले. दुसऱ्या दिवशी मी डबी घेऊन गाडीने भावाकडे गेले. नऊ वर्षांनी. भावजय दारात मला बघून आत वळली, तिने चहा ठेवला आणि भाचीला घेऊन बाहेर गेली. भाऊ स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसला. मी डबी ओट्यावर ठेवली.

"तुला नऊ वर्षं माहीत होतं," मी म्हटले.

"हो."

"आणि एका शब्दानं बोलला नाहीस."

"काय बोलणार, ताई? मी चार वर्षांत दोनदा आलो. मी तुला कुठल्या तोंडानं बोलणार होतो?"

मला वाटले होते तो आरडाओरडा करील. मी सहा तास त्याचीच तयारी करत आले होते. तो म्हणाला, त्याने मला केव्हाच माफ केले आहे. हे मी त्याला माफ केलेले नाही. ज्याने त्या पलंगाशी एक रात्र काढली नाही, त्याला मला माफ करण्याचा अधिकार कोणी दिला? बाकी ज्यांनी स्वतः आईबाप सांभाळले असतील त्यांनी माझ्या वतीने याचा विचार करावा.

मग मी विचारले, की आईने डबी त्याला दिली ती माझी तक्रार म्हणून का. तो म्हणाला, त्यालाही आधी तसेच वाटले. नंतर वाटले की ती माझ्या हाती लागू नये म्हणून दिली. मला कळू नये म्हणून. मी म्हटले, यातले खरे काय? तो म्हणाला, आईला वाचा नव्हती.

"बाराव्यात काय होतं?" मी विचारले.

त्याने ओट्यावरची डबी हातात घेतली. "तू तिचे केस विंचरत होतीस. खिडकीत ऊन होतं. तू काहीतरी गुणगुणत होतीस. आणि आईला वाटत होतं, हे संपू नये."

"मग तू ते संपवलंस कसं?"

"रोज बघायचो," तो म्हणाला. "बाकीच्या अकरांत मला थांबवत नसे. त्या एकात मी तिच्याजवळ असल्यासारखं वाटायचं."

आता माझी कैफियत अशी आहे. आईच्या चार वर्षांत माझ्या वाट्याचा एकच गोड घास होता आणि तो याने एकट्याने चाटूनपुसून खाल्ला. वर तो भाषणात स्वतःच्या नावावर वाढला. बरे, तो घास खरोखर होता की नाही हेही आता कळायला मार्ग नाही. मला गुणगुणता येत नाही. मी कधी गुणगुणल्याचे मला आठवत नाही. पण मला "मर" म्हटल्याचेही आठवत नव्हते. तेव्हा दोनच शक्यता राहतात. एक तर त्याने माझी आठवण चोरून भाषणात वापरली. नाही तर भाषणातली बनवाबनवी माझी समजूत घालायला आठवण म्हणून पुढे केली. बोलण्यावर पोट असलेल्या माणसाचे काय खरे धरावे? मी सोळा वर्षे हा खटला मनात चालवते आहे. निकाल लागलेला नाही.

निघताना त्याने डबी माझ्या पिशवीत टाकली. "तू ठेव, ताई," म्हणाला. म्हणून त्याला काही देऊ नये. त्याने त्याचा वाटा आधीच घेतला आहे.

कलम ६. आईची डबी. ती माझ्या कपाटाच्या वरच्या कप्प्यात, रुमालात गुंडाळलेली आहे. अकरा घरे चांगल्या स्थितीत आहेत. मी ती त्या दिवसानंतर लावलेली नाहीत. ही डबी माझ्या भाचीला द्यावी.

भाची मोजणी खात्यात आहे. जमिनी मोजते, बांधावरची भांडणे ऐकते, घरी येईपर्यंत तिचा जीव अर्धा झालेला असतो. भावजय दोन वर्षांपूर्वी गेली. आता माझा भाऊ चालताना पडू लागला आहे आणि भाचीने त्याला आपल्या घरी आणून ठेवले आहे. ती मला फोनवर म्हणाली, "आत्या, बाबांचं सगळं मीच बघणार. तुम्ही आजीचं केलंत तसं." फोन ठेवल्यावर हे लिहायला घेतले.

तर भाचीला माझे सांगणे आहे. बाप अंथरुणाला खिळेल, त्याच्या पहिल्या आठवड्यात तू चौथे घर बघ. माझी दया येऊ देऊ नकोस आणि मला शिव्याही घालू नकोस, दोन्हींत वेळ जातो. पलंगावरून वर बघितले की भरवणारा माणूस केवढा दिसतो, एवढेच बघ. तू माझ्यापेक्षा चांगली मुलगी आहेस, असे लोक तुला सांगतील. मलाही सांगत होते. ज्या दिवशी तुझी पावले जिन्यावर भरभर वाजतील त्या दिवशी कुणाला तरी हाक मार, बाई ठेव, बापाला एक दिवस उपाशी ठेव, पण तशी वर जाऊ नकोस. हे मला कुणी सांगितले नाही. सांगितले असते तर ऐकले असते, अशी माझी खात्री नाही.

कलम ७. माझी स्वतःची डबी दुकानाच्या खणात आहे. ती कोरी आहे. कुणी तीत काही शोधू नये.

कलम ८. माझ्यामागे शोकसभा घेऊ नये. कोणीही, विशेषतः कोणीही व्यवसायाने बोलणारा, माझ्यावर बोलू नये.

कलम ९. या मृत्युपत्राचे व्यवस्थापक म्हणून मी कोपऱ्यावरच्या कुलूपवाल्याला नेमते. तो कमी बोलतो आणि त्याच्याकडे गल्लीतल्या सगळ्या घरांच्या किल्ल्यांचे नमुने असूनही कधी कुणाकडे चोरी झालेली नाही.

कलम १०. साक्षीदारांबाबत. ज्याला मृत्युपत्रातून काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये, असे डॉक्टरांनी सांगितले. हे कळल्यावर दुसरा साक्षीदार म्हणून मी माझ्या भावाला बोलावले. साक्षीदाराला आतला मजकूर वाचावा लागत नाही, पण मी त्याला वाचायला लावला.

आज तो काठी टेकत आला. टेबलाशी बसून त्याने पहिल्या कलमापासून सगळे वाचले. मध्ये चष्मा दोनदा पुसला. सहाव्या कलमाशी थांबून म्हणाला, "पोरीला चौथं दाखवणार?"

"चौथंच," मी म्हटले.

"त्यात माझंच भलं आहे," तो म्हणाला, आणि घाईघाईने पेन उचलून त्याने खाली सही करून टाकली.

त्याची सही माझ्या आधी झाली. डॉक्टर म्हणाले, हे चालणार नाही, आधी लिहिणाऱ्याची सही लागते, ही प्रत बाद, नव्याने लिहा. मग ते आपल्या दवाखान्यात गेले आणि संध्याकाळी परत येतो म्हणाले. मी कोरे कागद घेतले आणि पुन्हा पहिल्यापासून उतरवायला बसले. कागद हाताबरोबर सरकत होता. भावाने खुर्ची जवळ ओढली आणि दोन्ही तळव्यांनी तो दाबून धरला. एक पान झाले की तो ते बाजूला ठेवी आणि दुसरे धरी. वाक्ये त्याच्याविषयीचीच होती. त्याने एकही शब्द बदलायला सांगितला नाही. मीही बदलला नाही. हे दहावे कलम तेवढे नवे आहे.

दुपारी बारापासून सहापर्यंत लागले. माझ्या घरात तो इतका वेळ याआधी कधी बसलेला नाही, याची येथे नोंद असावी.

वरील सर्व मजकूर मी लिहिला, मी वाचला, आणि तो मला मान्य आहे. आधी मी सही करते.

सही: (कापऱ्या हाताची, परंतु माझीच) डबीवाली

साक्षीदार १: गल्लीतले डॉक्टर. सही केली.

साक्षीदार २: लिहिणारीचा धाकटा भाऊ. नंतर सही केली.

स्थळ: दुकानावरची खोली, खिडकीजवळचे टेबल
दिनांक: १४ मार्च, संध्याकाळी सव्वासहा